चांगल्या बर्फाचे तास मुलींनाही मिळू द्या : रक्षाताई खडसे यांना खुलं पत्र

माननीय श्रीमती रक्षाताई खडसे,
केंद्रीय युवा व्यवहार व क्रीडा राज्यमंत्री, नवी दिल्ली

सप्रेम नमस्कार.

मी पुण्यात मुलींना इनलाइन हॉकी शिकवते. पायात चाकांचे बूट, खाली सिमेंटचं रिंक, हातात स्टिक. पहाटे सहाची बॅच आणि संध्याकाळी सातची. माझं लहानपण कोल्हापूरकडच्या खेड्यात गेलं आणि तिथे आम्हाला बर्फ माहीत होता तो गोळेवाल्याच्या गाडीवरचा. तरीही हे पत्र आइस हॉकीबद्दल आहे. मंत्रालयाला रीतसर अर्ज करायचा तर तो हिंदीत किंवा इंग्रजीत जातो, हे मला ठाऊक आहे. पण क्रीडा खात्यात रावेरची खासदार बसलेली असताना मनातलं मराठीतच सांगावंसं वाटलं.

मे महिन्यातलं जळगावचं ऊन मी आपल्याला सांगायला नको. केळीचे घडसुद्धा झाकून ठेवावे लागतात. तसल्याच उन्हात, संयुक्त अरब अमिरातीतल्या अल ऐन या वाळवंटातल्या शहरात, 31 मे ते 6 जून 2025 या आठवड्यात महिलांचा आइस हॉकी आशिया कप झाला. इमारतीबाहेर वाळू तापलेली आणि आत यंत्रांनी गोठवलेलं रिंक. इराण पहिला आला, फिलिपिन्स दुसरा आणि भारत तिसरा. त्सेवांग चुस्कितच्या नेतृत्वाखाली आपल्या मुलींनी कांस्यपदक घेतलं. त्या आठवड्यात मी रोज रात्री फोनवर निकाल शोधत बसायचे. शेवटचा निकाल कळला तेव्हा घरातले सगळे झोपले होते, म्हणून मी गॅलरीत जाऊन एकटीच रडले. दुसऱ्या दिवशी पहाटे बॅचच्या पोरींना सांगितलं, तर त्यातल्या एकीने विचारलं, "ताई, आपल्या देशात बर्फाची हॉकी असते?" तेरा वर्षांची मुलगी आहे, सहा वर्षं स्केटिंग करते, आणि तिला माहीत नव्हतं. चूक माझीच, मीच कधी सांगितलं नव्हतं. त्या प्रश्नापासून हे पत्र डोक्यात घोळतं आहे.

ज्या स्पर्धेत आपण तिसरे आलो ती जागतिक आइस हॉकीच्या उतरंडीत बरीच खाली आहे, हे आधी मान्य करून टाकते. महिलांच्या जागतिक अजिंक्यपद स्पर्धेत सगळ्यात वर कॅनडा, अमेरिका, फिनलंड अशा देशांचा गट असतो. त्याखाली पहिली, दुसरी, तिसरी श्रेणी आणि प्रत्येकीचे अ आणि ब गट. खालच्या गटात जिंकलं की वर, हरलं की खाली. भारत 1989 पासून आंतरराष्ट्रीय आइस हॉकी महासंघाचा सहयोगी सदस्य आहे, पण 2025 पर्यंत आपल्या महिला संघाला या शिडीच्या सगळ्यात खालच्या पायरीवरही पाय ठेवता आला नव्हता. आशिया कप आणि त्याआधीचा आशियाई चॅलेंज कप या स्पर्धा म्हणजे त्या शिडीकडे जाणारी पायवाट. पेपरात त्यांची बातमी दोन ओळींची येते. पण ज्या देशात हा खेळ आता कुठे रुजतो आहे, त्याच्यासाठी हीच स्पर्धा सगळं काही असते. वर्षातून एकदा खऱ्या रिंकवर, खऱ्या पंचांसमोर, दुसऱ्या देशाच्या मुलींशी खेळायला मिळतं ते इथेच. ही पायवाट बुजली तर पुढचं काहीच उरत नाही.

आता बर्फाबद्दल, कारण सगळं गाडं तिथेच अडतं.

भारतीय महिला संघ पहिल्यांदा परदेशात खेळला तो 2016 साली, तैपेईमध्ये. त्या सुमारास आइस हॉकी संघटनेला लोकांपुढे वर्गणीसाठी हात पसरावा लागला होता. संघातल्या बहुतेक मुली लडाखच्या, तळ्यावर खेळून मोठ्या झालेल्या. लेहची उंची साडेतीन हजार मीटर. डिसेंबरच्या अखेरीस तिथली तळी गोठतात आणि फेब्रुवारीच्या मध्याला पुन्हा पाणी व्हायला लागतात. म्हणजे ज्या मुलीला आपण भारताची खेळाडू म्हणतो, तिला निसर्गाने दिलेला सराव वर्षाकाठी सहा-आठ आठवड्यांचा. त्या आठवड्यांतलेसुद्धा सगळे तास सारखे नसतात. दुपारी ऊन चढलं की तळ्याचा वरचा थर भुसभुशीत होतो, ब्लेड रुतते, पक (चेंडूऐवजी वापरायची रबराची चकती) सरकायचा थांबतो. चांगला, कडक, वेगवान बर्फ मिळतो तो पहाटे आणि रात्री. तेच तास सगळ्यांना हवे असतात. जवानांच्या संघांना हवे असतात, क्लबांना हवे असतात, शाळेच्या मुलग्यांना हवे असतात. आधी मुलगे खेळायचे आणि उरलेल्या वेळात आम्ही, हे संघातल्या मुलींनी मुलाखतींतून अनेकदा सांगितलं आहे. काही वर्षांपूर्वी मी जानेवारीत लेहला गेले होते तेव्हा ते डोळ्यांनी बघितलं. सकाळी साडेदहाला, ऊन पसरल्यावर, आठ-दहा मुली तळ्याच्या एका कडेला सरावाला उभ्या होत्या. त्याआधी त्यांनीच फावड्यांनी भुगा लोटून जागा साफ केली होती. आदल्या रात्री त्यांच्यातल्याच दोघी पाइप घेऊन तळ्यावर पाणी शिंपडत होत्या, सकाळी नवा गुळगुळीत थर मिळावा म्हणून. तो गुळगुळीत थर सकाळी सात वाजता दुसऱ्याच कुणीतरी वापरला.

मी त्या मुलींना विचारलं, तक्रार करत नाही का? एक जण म्हणाली, बर्फ कमीच आहे, भांडून वाढणार आहे का. तिच्या आवाजात राग नव्हता. मला मात्र आला, आणि तो अजून गेलेला नाही.

ताई, तळ्यावरचा खेळ आणि रिंकवरचा खेळ यांत काय फरक असतो ते जरा सविस्तर सांगते, कारण फायलीत ते कुणी लिहीत नाही. आंतरराष्ट्रीय रिंक साठ मीटर लांब आणि सव्वीस ते तीस मीटर रुंद असतं. चारी बाजूंनी मीटरभर उंचीचे बोर्ड. साधारण 160 ग्रॅमचा कडक रबराचा पक त्या बोर्डांवर आपटून कुठल्या कोनात परत येईल, हे शरीराला पाठ व्हावं लागतं. निम्मा खेळ त्या कडेवरच होतो. तळ्यावर बोर्ड नसले, किंवा गुडघ्याएवढ्या फळ्या असल्या, तर पक सरळ बर्फाच्या ढिगात जातो आणि खेळ थांबतो. मग बोर्डाशी झटापट करायला मुलगी कुठे शिकणार? निळ्या रेषांचंही तसंच. पकाच्या आधी खेळाडूने निळी रेषा ओलांडली की ऑफसाइड. तळ्यावर रेषाच आखलेल्या नसतील, तर ती शिस्त अंगात मुरणार कशी? शिवाय या खेळात एक मुलगी सलग पंचेचाळीस सेकंद, फार तर मिनिटभर जीव तोडून खेळते आणि बदलते. दुसरी लाइन, म्हणजे बदली मुलींची तुकडी, आत जाते, खेळ चालू असतानाच. हा बदल अर्धा सेकंद चुकला तर गोल बसतो. हे सगळं वहीत लिहून येत नाही, शेकडो वेळा करूनच येतं. वर बंद रिंकवरचा बर्फ तळ्यापेक्षा मऊ, त्यावर ब्लेडची धार वेगळी लागते, वळताना आतल्या-बाहेरच्या कडेवर वजन वेगळं टाकावं लागतं. आपल्या मुली स्पर्धेच्या गावी पोचायच्या आणि पहिले दोन सामने त्या बर्फाशी ओळख करून घेण्यातच जायचे. समोरच्या संघाला ती ओळख लहानपणापासूनची.

तरीसुद्धा 2017 मध्ये बँकॉकला या मुलींनी फिलिपिन्सला 4-3 असं हरवलं. भारतीय महिला संघाचा तो पहिला आंतरराष्ट्रीय विजय. मग मलेशियालाही 5-4 असं हरवलं. गोलमध्ये नूर जहाँ होती. ही लेहची मुलगी एरवी जुनी भिंतिचित्रं आणि थांगका (कापडावरची बौद्ध चित्रं) जतन करण्याचं काम करते, त्याचं रीतसर शिक्षण घेतलेली आहे. चारशे वर्षांपूर्वीच्या रंगाचा पापुद्रा न दुखवता धूळ काढणारे तिचे हात, आणि त्याच हातांनी ती ताशी शंभर किलोमीटरच्या आसपास येणारा पक अडवते. मला तिचं फार कौतुक वाटतं. पुण्यातल्या माझ्या गोलकीपर मुलींना मी तिच्याबद्दल सांगते तेव्हा त्या गप्प होऊन ऐकतात.

पण 2017 आणि 2025 हे दोन निकाल शेजारी ठेवून बघा. ज्या फिलिपिन्सला आपण 4-3 हरवलं होतं, ते आठ वर्षांनी आशिया कपमध्ये आपल्या वर, रौप्यपदकावर होते. मनिला हे समुद्रकाठचं उष्ण शहर. तिथे गोठणारं तळं नाही, डोंगर नाही, हिवाळा नाही. पण तिथल्या मॉलमध्ये बर्फाचं रिंक आहे आणि ते बाराही महिने चालू असतं. तिथली मुलगी जुलैतही खेळते, ऑक्टोबरमध्येही खेळते. आमची मुलगी फेब्रुवारीत ब्लेड पुसून ठेवते आणि डिसेंबरमध्ये काढते. आठ वर्षांत किती तासांचा फरक पडला असेल, याचं गणित आपल्या खात्यातल्या कुणीही करावं.

आणि पहिल्या आलेल्या इराणची गोष्ट तर माझ्या कामाशीच जोडलेली आहे. इराणमध्ये मुली आधी चाकांवर, इनलाइन हॉकीत तयार झाल्या. तेहरानमध्ये मोठं रिंक उभं राहिलं तेव्हा त्या तयार पायांना बर्फ मिळाला आणि थोड्याच वर्षांत त्या आशिया कपमध्ये पहिल्या आल्या. जी मुलगी इनलाइनवर वेगात वळते, स्टिकवर पक सांभाळत मान वर ठेवते, पास कुठे द्यायचा ते आधीच बघून ठेवते, तिला बर्फावर नव्याने शिकायचं असतं ते मुख्यतः थांबणं. चाकांवर आपण घासत, वळत थांबतो आणि बर्फावर दोन्ही ब्लेड आडव्या टाकून. पंधरा दिवस चांगलं रिंक मिळालं तर ते जमतं, हे मी स्वतःच्या पायांवर अनुभवलं आहे.

महाराष्ट्रात स्केटिंग करणाऱ्या मुली किती आहेत ते आपल्याला माहीत असेलच. पुणे, मुंबई, ठाणे, नाशिक, कोल्हापूर, कुठेही पहाटे जा. मोकळा रस्ता किंवा पालिकेचं रिंक असलं की तिथे आया डबे घेऊन उभ्या असतात आणि पोरी चाकांवर पळत असतात. महाराष्ट्राच्या स्केटर्सनी लेहमधल्या खेलो इंडिया हिवाळी स्पर्धेत बर्फावरच्या स्केटिंगची पदकं आणली आहेत. म्हणजे आमचे पाय बर्फाला लागतात, हे सिद्ध झालेलं आहे. पण या मुलींना हॉकीसाठी बर्फावर कुठे उतरवायचं? एकदा मी हौसेने सात मुलींना घेऊन रेल्वेने एका मोठ्या शहरात गेले. तिथल्या मॉलमध्ये छोटं रिंक आहे. फोनवर बोलणं झालं होतं, पैसे आगाऊ भरले होते. तिथे पोचल्यावर हातातल्या स्टिक बघून सांगितलं की हॉकीने बर्फ खराब होतो, बाकीच्या ग्राहकांना त्रास होतो, नुसतं स्केटिंग करायचं तर करा. पोरी दोन तास कठड्याला धरून गोल गोल फिरल्या, स्टिक बाकावर पडून राहिल्या. परतीच्या गाडीत सगळ्यांत धाकटी मला म्हणाली, "ताई, आपण पुढच्या वेळी स्टिक लपवून आणू." मी तिला काय उत्तर देणार होते? ते रिंक व्यवसायाचं आहे, त्यांचे नियम त्यांच्या जागी. पण देशाचा संघ घडवायचं काम मॉलवर कसं सोडायचं?

डेहराडूनमध्ये सरकारचं रिंक आहे. या पत्रात मला जे म्हणायचं आहे त्याचा गाभा तिथे आहे. जानेवारी 2011 मध्ये दक्षिण आशियाई हिवाळी स्पर्धांसाठी ते बांधलं गेलं. 2012 मध्ये त्याच रिंकवर पुरुषांचा आशियाई चॅलेंज कप झाला. आणि मग ते बंद पडलं. बर्फ गोठवायचा म्हणजे काँक्रीटखाली अंथरलेल्या नळ्यांतून थंड द्रव रात्रंदिवस फिरवायचा, चिलर चालू ठेवायचे, विजेचं बिल भरायचं, बर्फावरून यंत्र फिरवून दर तासा-दीड तासाने नवा थर द्यायचा. हे न परवडल्याने देशातलं मोठं बंदिस्त रिंक दहा वर्षांहून जास्त काळ सुकं पडून राहिलं. ताई, तारखा जुळवून बघा. महिला संघ जन्माला आला 2016 मध्ये. म्हणजे ज्या वर्षी या मुली वर्गणीवर तैपेईला गेल्या, ज्या वर्षी त्यांनी फिलिपिन्सला हरवलं, ज्या वर्षी त्या क्वालालंपूरला आणि अबू धाबीला खेळल्या, त्या प्रत्येक वर्षी डेहराडूनचं रिंक कुलूपबंद होतं. ते तेव्हा चालू असतं तर आज आपण कुठे असतो, या विचाराने मला अजूनही झोप लागत नाही.

2025 मध्ये ते रिंक पुन्हा सुरू झालं. ऑगस्टमध्ये तिथे आशियाई ओपन शॉर्ट ट्रॅक स्पीड स्केटिंग स्पर्धाही झाली. बातमी वाचली तेव्हा मी बॅचच्या पोरींना पेढे वाटले, खरंच वाटले. लेहच्या एनडीएस स्टेडियममध्येही आता कृत्रिम बर्फाचं रिंक आहे आणि खेलो इंडियाचे हॉकी सामने तिथे होतात, मुलींचेही. भारत-तिबेट सीमा पोलिसांनी महिलांचा संघ उभा करून मुलींना नोकऱ्या दिल्या, रॉयल एनफिल्डने लडाखमध्ये जी लीग सुरू केली तिच्यात मुलींचे संघ आहेत. हे सगळं चांगलं झालं आहे आणि ज्यांनी केलं त्यांचे मनापासून आभार. म्हणूनच आता मागते आहे. रिंकच नव्हतं तेव्हा कुणाकडे तास मागणार होते?

माझी मागणी एवढीच आहे, की सरकारी पैशाने चालणाऱ्या प्रत्येक बर्फाच्या रिंकवर मुलींच्या हॉकीचे तास ठरलेले असावेत, लिहिलेले असावेत आणि ते चांगल्या बर्फाचे असावेत. दुपारचे उरलेसुरले नकोत. पहाटेचे आणि संध्याकाळचे जेवढे तास मुलग्यांना, तेवढेच मुलींना. हे वेळापत्रक रिंकच्या दारावर मराठीत लावा असं मी म्हणणार नाही, पण लावा. जे भिंतीवर लिहिलेलं असतं त्याच्यासाठी भांडता येतं. जे व्यवस्थापकाच्या मनात असतं त्याच्यासाठी फक्त विनवण्या करता येतात, आणि विनवण्या करून या मुली दमल्या आहेत.

त्याच्याच जोडीने उन्हाळी शिबिर. एप्रिल ते नोव्हेंबर या काळात लडाख, लाहौल-स्पितीच्या मुलींना किमान दोनदा, एकेक महिना, डेहराडूनला मुक्कामी ठेवा. राहणं, जेवण, गोलकीपरसाठी वेगळी प्रशिक्षक आणि ब्लेडला धार लावणारा एक जाणकार माणूस. या शेवटच्या माणसाला कुणी मोजत नाही, पण बोथट ब्लेडवर चपळ मुलगीही घसरते. शिबिरात इनलाइनवरच्या मुलींसाठी थोड्या जागा ठेवा. निवड चाचणी घ्या, कडक घ्या, आमच्या मुलींना कसलीही सवलत नको. महाराष्ट्र, कर्नाटक, तमिळनाडू, हरियाणा, जिथून म्हणून चाकांवरच्या मुली येतील त्यांना एकदा बर्फावर उतरवून बघा. लडाखच्या मुलींची जागा त्या घेतील अशी भीती मला लेहमध्ये एका वडिलधाऱ्या खेळाडूने बोलून दाखवली होती. ती रास्त आहे. ज्यांनी हा खेळ तळ्यावर, पायाला बर्फाचे चटके सोसत वाढवला, त्यांच्या ताटातलं कुणी काढून घेऊ नये. पण वीस-बावीस जणींचा संघ निवडायला पाठीशी दोनशे जणी लागतात, आणि एवढ्या जणी एका खोऱ्यातून कायम कशा येतील? दोन्हीकडच्या मुली एकत्र सराव करतील तेव्हा लडाखच्या मुली आमच्यांना बर्फ शिकवतील आणि आमच्या त्यांच्याकडून शिकता शिकता स्टिकची एखादी करामत देतील. खेळात असंच होतं.

आणि सामने. सरावाला सामन्याची जोड नसेल तर तो कवायत होऊन जातो. जानेवारी 2018 मध्ये कॅनडाची हेली विकेनहायझर लेहला येऊन गेली. ऑलिंपिकची चार सुवर्णपदकं मिळवलेली खेळाडू, ती भारताच्या मुलींबरोबर तळ्यावर खेळली आणि त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये तिने भारताच्या संघाला कॅलगरीच्या तिच्या महोत्सवात बोलावून घेतलं. परक्या देशातली बाई इतकं करते. आपण डेहराडूनला मलेशिया, किर्गिझस्तान, अमिराती यांच्या संघांना बोलावून आठवड्याची एक छोटी स्पर्धा दरवर्षी भरवू शकत नाही का? 2012 मध्ये पुरुषांसाठी ज्या रिंकवर आशियातले संघ आले, तिथे महिलांचा आशिया कप आणण्यासाठी महासंघाकडे अर्ज करता येणार नाही का? आपल्या प्रेक्षकांसमोर, आपल्या राष्ट्रगीतावर या मुलींनी एकदा तरी खेळावं असं मला फार वाटतं. मी पोरींना घेऊन जनरल डब्यातून येईन.

मला ठाऊक आहे, या पत्रावर कुणीतरी विचारेल की एवढ्याशा खेळासाठी, मूठभर मुलींसाठी इतकी वीज का जाळायची. हा प्रश्न मी टाळणार नाही, कारण वीज खरंच लागते. पण रिंक एकदा गोठवलं की त्यावर फक्त हॉकी चालत नाही. फिगर स्केटिंग, शॉर्ट ट्रॅक, शाळेच्या सहली, सगळं चालतं आणि त्यातून पैसाही येतो. बर्फ चोवीस तास गोठलेला ठेवायचाच आहे, मग रात्री दहा ते पहाटे सहा तो रिकामा का ठेवायचा? जगभर हौशी संघ रात्री अकराच्या वेळा घेतात. आमच्या मुली रात्री अकरालाही येतील, त्यांच्या जाण्यायेण्याची सुरक्षित सोय करा म्हणजे झालं. आणि मूठभर मुलींबद्दल सांगायचं तर, तळ्यांचा हंगामही पूर्वीइतका भरवशाचा राहिलेला नाही. लेहमधली जुनी माणसं सांगतात की त्यांच्या लहानपणी बर्फ जास्त दिवस टिकायचा. उद्या ती सहा आठवड्यांची खिडकी चार आठवड्यांवर आली तर मूठभरही उरणार नाहीत.

आपण गावच्या सरपंचपदापासून इथवर आला आहात. गावात पाण्याचा टँकर आल्यावर आधी कुणाच्या हंड्यात पाणी पडतं आणि रांगेत शेवटी कोण उभं असतं, हे आपण जवळून पाहिलं असणार. लेहच्या तळ्यावर मी तेच पाहिलं. म्हणून आपल्याला लिहिलं.

आपल्याला जमलं तर येत्या जानेवारीत लेहला जा. उद्घाटनाला नको, हारतुऱ्यांसाठी नको. सकाळी सहाला, कुणाला न कळवता रिंकवर उभ्या राहा आणि बर्फावर कोण आहे ते बघा. मग साडेदहाला पुन्हा जा.

आपली नम्र,
पुण्यातली एक इनलाइन हॉकी प्रशिक्षक

ता. क. : ज्या मुलीने मला "आपल्या देशात बर्फाची हॉकी असते?" असं विचारलं होतं, तिने आता गोलकीपर व्हायचं ठरवलं आहे. तिच्या आईने जुनी पॅड्स शोधून आणली, एका बाजूचा पट्टा तुटला होता तो चांभाराकडून शिवून घेतला. डेहराडूनच्या शिबिरासाठी निवड चाचणी कधी घेणार ते कळवलंत, तर तिचं नाव पहिलं देईन.